‘असं बेसूर कोणीही वाजवेल’ या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. मोत्सार्टच्या ‘म्युझिकल जोक’ (त्याच्या रचनांच्या यादीत के. 522) या मुद्दाम चुका पेरलेल्या गमतीदार रचनेवरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत, “असं बेसूर कोणीही वाजवेल. मोठी नावं घेऊन खपवू नका.” मतभेद असू द्या, पण ‘खपवू नका’? मी काय भेसळीचं तूप विकतोय? लेखात नोटेशनचा एखादा तुकडा असता तर बरं झालं असतं, हे मान्य.

आता ‘कोणीही’. मिन्यूएटमध्ये, म्हणजे नाचाच्या ठेक्यातल्या भागात, दोन्ही हॉर्न (फुंकून वाजवायची पितळी वाद्यं) भलत्याच सुरांत शिरतात, तिथे मोत्सार्टची सूचना गोडव्याने वाजवण्याची आहे. त्या काळचा हॉर्न बिनव्हॉल्व्हचा, म्हणजे सूर बदलायच्या कळा नसलेला. अंगचे नसलेले सूर हॉर्नच्या भोंग्यात हात घालून काढावे लागत. म्हणजे ही चूक मेहनतीची. वादकाने सूर घसरवला किंवा विदूषकी चेहरा केला, की ऐकणाऱ्याला वाटतं, आज याचे ओठ बसलेले नाहीत. लिहिलेला सूर नेमका आणि ऐटीत लागला तरच हसू येतं. आडाज्योच्या, म्हणजे संथ भागाच्या, कॅडेन्झातही (एकट्या वादकाच्या करामतीच्या तुकड्यातही) तेच. व्हायोलिन चढता चढता होल-टोन स्केलमध्ये घुसतं, म्हणजे प्रत्येक सूर आधीच्यापासून पूर्ण स्वराच्या अंतरावर. तिथे बोट केसभर इकडेतिकडे पडलं, तर विनोद जातो आणि नुसता कच्चा हात ऐकू येतो.

शेवट तर सगळ्यात अवघड. प्रत्येक वाद्य वेगळ्या पट्टीत. हॉर्न एफ मेजर सोडत नाहीत. पहिलं व्हायोलिन जी, दुसरं ए, व्हिओला ई फ्लॅट, बास बी फ्लॅट. आधी प्रत्येकाने आपला भाग एकट्याने, आपल्या पट्टीत चोख बसवायचा. मग एकत्र, लय जराही न सोडता. एकत्र आल्यावर कान शेजाऱ्याकडे ओढला जातो, बोटं नकळत त्याच्याशी जुळवून घेतात आणि पाच पट्ट्यांचा गलका होतो. व्हिओलाच्या त्या खुर्चीवर मी बसलोय. तुम्ही?

ही रचना म्हणजे मोत्सार्टने वडिलांच्या मृत्यूनंतर घेतलेला ‘सूड’ वगैरे राहू द्या. वडील 28 मे 1787ला गेले, रचनेची नोंद त्याच वर्षी 14 जूनची. तारखा एवढंच सांगतात.

आणि तुम्ही ध्वनिमुद्रण दिलेल्या हायडनच्या ऑपस 33 क्रमांक 2 या चार तंतुवाद्यांच्या रचनेच्या शेवटी वादक ‘अडखळले’ नाहीत हो. ते विश्रांतीचे बार (मोजायची मूक मात्रा-खाणी) छापलेले आहेत. गज तारेवरून उचललेला ठेवून मनात काटेकोर मोजायचे असतात. मध्येच गज खाली घेऊन टाळ्या काढणारे असतात, ती लबाडी. तुम्ही दिलेल्या ध्वनिमुद्रणातले बार मोजा, मग बोलू.