शिळं मटण अन् घरभर गरम करणारे

मटण शिजवणं काही कठीण नाही. खसखस, सुकं खोबरं, दगडफूल भाजलं, वाटलं, चुलीवर गंज चढवला, तिखटाला हात सैल सोडला की आमच्याकडचा कोणताही बाप्या, ज्याला स्वतःचा चहा करता येत नाही तो बी, मटण करते अन् वरून चार लोकांत सांगत फिरते. खरी परीक्षा दुसऱ्या दिवशी असते. उरलेलं मटण असं गरम करायचं की फोड दाताखाली आली तर तिची सुतळी झालेली नसावी, हे ज्याला जमलं त्याला मी मानतो. आमच्या घरी ते होत नाही, कारण आमच्या घरी ते सगळ्यांनाच जमते.

आता मटण उरते काहून हे शहरातल्या लोकांना समजणार नाही, ते पाव किलो आणतात. आमच्याकडं पोळ्याची कर म्हणजे श्रावणभर तोंड बांधून बसलेलं गाव त्या दिवशी सुटते. पोळ्याला बैलाची पूजा, पुरणपोळी, सगळं सोज्वळ. दुसऱ्या दिवशी पहाटेच पोरं "खोकला-पडसं, ईडा-पीडा घेऊन जा गे मारबत" ओरडत गावाबाहेर जातात (मारबत म्हणजे ईडा-पीडेचा पुतळा, नागपुरात तर काळी-पिवळी मारबत १८८०च्या दशकापासून निघून राह्यली, पूर्ण शहर रस्त्यावर असते), इकडं लहान्या पोरांचे लाकडी बैल तान्ह्या पोळ्याला निघतात आणि तिकडं पिंपळाच्या मागं बोकडाचे हिस्से पडतात. हिस्सा म्हणजे हिस्सा. त्यात मांडी येते, मान येते, नळी येते, कलेजीचा तुकडा येते, चरबी येते, नको म्हणायची सोय नाही. त्यात यंदा जवाई येणार म्हणून मायनं दोन हिस्से सांगितले, आणि जवाई आले नाही, त्यांच्या गावात बी करच होती ना. फोन आला, उद्या येतो. झालं. अर्धा गंज मटण उरलं आणि त्याच्यावर पूर्ण घराची नजर.

रात्रीच पहिली लढाई झाली. बायकोचं म्हणणं, जेवण झाल्यावर दोन तासाच्या आत डब्यात भरून फ्रीजमध्ये टाका. मायचं म्हणणं, आमच्या वेळी कुठी होता फ्रीज, चुलीवर राहू दे, काही होत नाही. माय चूक नव्हती बरं का, तिच्या वेळी रात्री झोपताना रस्ता कडकड उकळायचे, खाली निखारे रात्रभर धगधगत राहायचे आणि पहाटे उठल्या उठल्या पुन्हा उकळी. पण आता चूल फक्त करीपुरती पेटते, निखारे दहा वाजताच विझतात, आणि पावसाळ्याच्या त्या दमट हवेत कोमट गंज म्हणजे जंतूंसाठी चांगलीच सोय, ५ ते ६० डिग्रीच्या मधात ते सगळ्यात जोमात वाढतात. म्हणून मी बायकोच्या बाजूनं बोललो. असं माझ्याकडून क्वचितच होते, तिनं बी नोंद घेतली.

सकाळी फ्रीज उघडला तर रस्त्यावर पांढरा जाड थर. बोकडाची चरबी थंडीत अशी गोठते की चमचा उभा राहावा. पोरगा म्हणते हे काढून फेका, कोलेस्टेरॉल. मी म्हटलं खबरदार, हीच तर तर्री आहे, थोडी गरम झाली की लाल होऊन वर येते, ती फेकली तर खाली राहिलं काय, वरण?

आणि मग सुरू झालं. मायनं सहा वाजता पूर्ण गंज गॅसवर ठेवला, फुल आच, "उकळी आल्याशिवाय मटण खाऊ नये". खदखद उकळलं, उतरवलं. आठ वाजता बाबांनी शिळ्या भाकरीसोबत दोन फोडी खायच्या म्हणून पुन्हा पूर्ण गंज गरम केला, दोन फोडींसाठी! वाटीत काढून करा म्हटलं तर म्हणाले, "वाटी कायले घासाले लावतं?" मग वहिनी आल्या, त्यांनी सराट्यानं ढवळून पाहिलं, थंड लागते म्हणे, अजून थोडं होऊ द्या. प्रत्येकाची भावना चांगली. मटणाचं हाल मात्र कोणी विचारत नाही.

आता हे जरा समजून घ्या, कारण घरात मी सांगायला गेलो की सगळे उठून जातात. मांसाचे जे धागे असतात ते साठ डिग्रीच्या वर गेले की आवळतात आणि आपल्यातलं पाणी पिळून बाहेर टाकतात. मग पहिल्यांदा मटण मऊ काहून होते? तर धाग्याच्या मधात जे चामट पडदे असतात, ते सत्तरच्या वर बराच वेळ राहिले की हळूहळू विरघळतात, रस्ता चिकट होतो, बोटं चिकटतात, ते हेच. पण ते काम कालच झालं. आज विरघळायला विशेष उरलं नाही, आज फक्त पाणी जायचं बाकी आहे. म्हणून मांडीच्या बिनहाडाच्या फोडी सगळ्यात आधी चोथा होतात, आणि मानेच्या, नळीच्या फोडी चार उकळ्या सोसूनही टिकतात. (जाणकार माणूस दुसऱ्या दिवशी डावातून मानच शोधते. बाबा बरोबर तीच शोधतात, त्यांनी ही थिअरी कधी वाचली नाही.) आणि खाली बसलेलं खोबरं-खसखस, ते तर फुल आचेवर करपलंच समजा.

पोरगा नागपूरला होस्टेलला असते, त्याला सगळं मोबाईलवर सापडते. त्यानं मला एक व्हिडिओ दाखवला, कोणी गोरा साहेब उरलेलं रोस्ट बीफ गरम करून राह्यला होता. मी म्हटलं आवाज कमी कर बे, आजी ऐकते, परवा बैलाच्या पाया पडली ती. पण पाहिलं मी पूर्ण. त्यांचं भिणं वेगळंच आहे. त्यांचं मांस आतून गुलाबी ठेवलेलं असते, पंचावन्न-साठच्या आसपास काढतात, आणि दुसऱ्या दिवशी गरम करताना तो गुलाबी रंग जाऊन राखाडी झालं की त्यांच्या घरी सुतक. म्हणून ते जाड काप करतात, वरून हाडाचं पाणी दोन चमचे सोडतात, फॉइलमध्ये गुंडाळतात आणि ओव्हन १२० डिग्रीवर ठेवून गपचूप बसतात. आपल्याकडं गुलाबी वाचवायचा प्रश्नच नाही, आपलं मटण हाड सोडेपर्यंत शिजते. पण झाकण, ओल, मंद आच आणि लागते तेवढंच, या चार गोष्टी साहेबाच्या बरोबर आहेत, त्या मी घेतल्या. पोरगा म्हणे, "बाबा, शिळं अन्न आतपर्यंत ७४ डिग्री झालं पाहिजे, थर्मामीटर लागते." घरात थर्मामीटर आहे, तापाचं. ते ४२ वर संपते.

मायक्रोवेव्ह बी आहे आमच्याकडं, लग्नात आलेला, त्यावर बायकोनं क्रोशाचं कव्हर घातलं आहे. १९४५ मध्ये अमेरिकेत रडारचं काम करणाऱ्या पर्सी स्पेन्सर नावाच्या माणसाच्या खिशातलं चॉकलेट वितळलं आणि त्यावरून त्याला हे मशीन सुचलं असं सांगतात. त्याच्या खिशात मटणाची फोड असती तर बरं झालं असतं, तिचं काय होते ते त्याला तिथंच दिसलं असतं. एक कोपरा लाव्हा, मधात बर्फ, फोडीचं टोक रबर, आणि तेवढ्यात लाईन जाते. घरभर वास मात्र सुटते, तो शिळ्या मांसाचा विशिष्ट वास, चरबीला हवा लागली की येते आणि मांसातलं लोह त्याला अजून हातभार लावते. आपल्या मसाल्यातली लवंग तो वास थोडा अडवते म्हणून आपण वाचतो, गोऱ्या साहेबाकडं फक्त मीठ-मिरी.

तर साडेअकराला मी स्वयंपाकघराचा ताबा घेतला. पद्धत ऐका. जवाई अन् आम्ही दोघं, तिघांपुरतंच कढईत घ्यायचं, बाकीचं डब्यात, डबा फ्रीजमध्ये. आधी फक्त रस्ता, त्यात अर्धी वाटी उकळतं पाणी, थंड पाणी टाकलं तर रस्त्याची चव अन् तर्री दोन्ही रुसतात. रस्त्याला चांगली उकळी येऊ द्यायची. मग आच बारीक, आता फोडी सोडायच्या, झाकण घालायचं आणि कोणालाही ढवळू द्यायचं नाही. मी झाकणावर हात ठेवूनच उभा होतो, माय दारातून पाहून राह्यली होती. थोड्या वेळानं सगळ्यात जाडी फोड काढून मोडली, आतून वाफ निघाली, बोटाला चटका बसला. झालं. फोड मऊ, धागा सुटलेला नाही, तर्री वर. बायको बी म्हणाली, "अवो, हे तर कालच्यावानी लागते." हे वाक्य मी लिहून ठेवण्यालायक समजतो.

तेवढ्यात फोन वाजला. जवाईबापूंच्या गाडीचं टायर फाट्यावर बसलं, दुकान बंद, तीन वाजेपर्यंत येतो.

माय काही बोलली नाही. सरळ आत आली आणि कढईखालचा गॅस मोठा करायला हात पुढं केला, "बाबू, एक उकळी दे अन् झाकून ठेव, आला का पुन्हा देऊ." मी कढई उचलली. म्हटलं हे मटण आता पुन्हा आचेवर जाणार नाही, माझ्या जिवंतपणी तर नाही. पोरगं ताट घेऊन आधीच बसलं होतं. बाबा बाहेरून आले, त्यांना मान सापडली. डब्यातलं शिल्लक आहे ना म्हटलं पाव्हन्याले, तर वहिनींनी डबा आधीच काढून गॅसवर ठेवला होता, चांगला खदखदत होता, मांडीच्या फोडी सगळ्या त्यातच.

"आता जवाई आले का त्याहिले काय सांगू मी?" बायको म्हणाली.

मायनं नळी ठोकत सांगितलं, "सांग, मटण मारबत घेऊन गेली. अन् पोराले धाड अंडे आणाले."