लिंकची ओकारिना कालयंत्र नाही

निन्टेन्डोच्या ‘झेल्डा’ या व्हिडिओगेम मालिकेबद्दल एक समज इतका पसरलाय, की कधी कंट्रोलर हातात न धरलेली माणसंही तो छातीठोकपणे सांगतात. समज असा: १९९८ च्या ‘ओकारिना ऑफ टाइम’मधला नायक लिंक जादूची ओकारिना, म्हणजे मातीचं छोटं फुंकवाद्य, फुंकून सात वर्षं पुढे जातो आणि पुन्हा फुंकून मागे येतो. याच वाद्यामुळे म्हणे हायरूल या राज्याचा इतिहास तीन फाट्यांत विभागला गेला, आणि काळावर हुकूम चालवणारं मालिकेतलं वाद्य काय ते हेच. गेमच्या नावातच ‘टाइम’ आहे म्हटल्यावर तपासतंय कोण!

सुरुवात त्या सात वर्षांपासून करू. टेम्पल ऑफ टाइम या मंदिरातल्या वेदीवर पाचू, माणिक आणि नीलम ही तीन रत्नं ठेवून ओकारिनावर ‘साँग ऑफ टाइम’ हे गाणं वाजवलं, की मागचं दगडी दार उघडतं. ओकारिनाचं काम तिथेच संपलं. पुढचं सगळं तलवारीचं. लिंक आत जाऊन मास्टर सॉर्ड उपसतो. पण हिरो ऑफ टाइम व्हायला तो फारच लहान असतो, म्हणून सात वर्षं त्याला निद्रेत ठेवलं जातं. जाग आल्यावर राउरू ऋषी त्याला हे सांगतो. म्हणजे पुढे जाणं ही उडीसुद्धा नव्हे, नुसती लांबलचक झोप. आणि बालपणात परतायचं तर तलवार पुन्हा चौथऱ्यात खोचायची. फॉरेस्ट टेम्पल पार केल्यावर शीक नावाचं पात्र येऊन हे स्पष्ट सांगून जातं. गेमभर जितक्यांदा ये-जा कराल तितक्यांदा तलवारच लागते.

हा फरक किरकोळ वाटेल, पण गोष्टीचं दुखणं नेमकं इथेच आहे. लिंकने ओकारिना वाजवून जे दार उघडलं, त्याच दारातून खलनायक गॅनॉनडॉर्फ आत शिरला आणि ट्रायफोर्स या दैवी शक्तीला हात घालून बसला. नायक झोपलेला आणि बाहेर राज्याची राखरांगोळी, तीही त्यानेच उघडलेल्या दारामुळे. ओकारिनाला कालयंत्र ठरवलं की लिंकच्या डोक्यावरचा हा भार अलगद उतरतो आणि उरते फक्त जादूची सहल.

मग ओकारिना काळाला अजिबात हात लावत नाही का? लावते, फक्त लोक सांगतात तिथे नाही. काकारिको गावाच्या स्मशानात राजघराण्याची कबर आहे, तिथे ‘सन्स साँग’ मिळतं. ते वाजवलं की दिवसाची रात्र होते, रात्रीचा दिवस. गंमत म्हणजे हे गाणं मैत्रीण सारियाने निरोपाच्या वेळी दिलेल्या साध्या फेअरी ओकारिनावरही चालतं. राजघराण्याचा खजिना असलेली ती निळी ओकारिना हाती येण्याआधीच पोरगा सूर्य हलवून मोकळा! तेव्हा जोर वाद्याच्या मातीत आहे की सुरावटीत?

सुरावटीचं निघालंच आहे तर सांगतो. निन्टेन्डो ६४ च्या कंट्रोलरवर ओकारिनाला पाचच बटणं, म्हणजे पाचच स्वर. सर्वांत खालच्या बटणाला षड्ज मानला तर ते सा, कोमल ग, प, शुद्ध ध आणि तार सा असे पडतात. ‘साँग ऑफ टाइम’ म्हणजे प सा ग, प सा ग. ‘सन्स साँग’ म्हणजे प ग आणि तार सा, दोनदा. संगीतकार कोजी कोंदो यांनी एवढ्याशा भांडवलावर बारा गाणी उभी केली, याचं कौतुक करावं तेवढं थोडं. आपल्याकडे राग प्रहराला बांधलेला असतो, हायरूलमध्ये प्रहर सुराला बांधलाय. यमन भरदुपारी गायला म्हणून आपला सूर्य काही मावळत नाही.

शेवटच्या प्रसंगात मात्र ओकारिना लिंकला खरोखर बालपणी परत पाठवते. फक्त वाजवणारी राजकन्या झेल्डा असते. ती सात ऋषींपैकी एक आहे आणि ते सामर्थ्य तिचं आहे. लिंकने स्वतः गेमभर ‘साँग ऑफ टाइम’ वाजवून दारानंतर काय मिळवलं? निळे ठोकळे हलवले.

गोंधळाचं मूळ बहुधा २००० सालच्या ‘मजोराज मास्क’मध्ये आहे. तिथे तेच गाणं वाजवलं की चंद्र कोसळण्याआधीच्या पहिल्या दिवसाची पहाट पुन्हा उगवते. उलटं वाजवलं तर काळ मंदावतो, प्रत्येक स्वर दोनदा वाजवला तर पुढे सरकतो. इथे समज जवळपास खरा ठरतो, हे मान्य. तरी झेल्डाच्या आठवणीत श्रेय दिलंय ते काळाच्या देवतेला. गाणं म्हणजे तिला घातलेली साद. शिवाय मुखवटा घालून लिंक तिथल्या डेकू जमातीतला झाला की ओकारिनाची पुंगी होते, गोरोन जमातीतला झाला की ढोल, झोरा झाला की गिटार, आणि गाणं प्रत्येकावर तितकंच लागू पडतं. मागे येताना बाण, बॉम्ब आणि खिशातले रुपी, म्हणजे तिथले पैसे, जातात. बँकेत ठेवलेले तेवढे शाबूत राहतात. देवता बँकेचा हिशेब का मोडत नाही, हे कोडं मला अजून सुटलेलं नाही.

इतिहासाच्या तीन फाट्यांचं थोडक्यात. २०११ मध्ये निन्टेन्डोने अधिकृत कालपट छापला. त्यातले दोन फाटे झेल्डाने लिंकला परत पाठवल्याने पडतात: एक त्याच्या बालपणाचा, दुसरा तो मागे सोडून गेलेल्या जगाचा. तिसरा फाटा लिंक गॅनॉनडॉर्फकडून हरला तर काय, याचा. त्याचा ओकारिनाशी काडीचा संबंध नाही.

राहता राहिलं ‘हेच एक वाद्य’. गेम बॉय कलरवरचा २००१ चा ‘ओरॅकल ऑफ एजेस’ पाहा. तिथे लाब्रिना देशात लिंककडे हार्प ऑफ एजेस असतो. त्याची पहिली धून काळाची निद्रिस्त दारं जागी करते, दुसरी भूतकाळातून वर्तमानात आणते, आणि तिसरी मिळाली की दोन्ही दिशांना हवं तेव्हा जाता येतं. तलवार उपसायची नाही, ऋषी शोधायचा नाही, सात वर्षं झोपायचंही नाही. ओकारिनाच्या नावावर लोक जे खपवतात ते अक्षरशः करणारं वाद्य हे आहे. पण हा गेम खेळलेली माणसं आपल्याकडे शोधावी लागतात, म्हणून हार्पचं श्रेय ओकारिनाच्या खात्यात जमा होत राहतं.