जोड बघून लावलेली कुस्ती

बॉक्सर विजेंदर सिंगचा विषय निघाला की गावाकडून ठरलेलं वाक्य येतं. "बारा लढती कच्च्या गड्यांशी जिंकला, गोव्याच्या कॅसिनो बोटीवर उंचपुरा रशियन समोर आला तसा पाचव्या फेरीत संपला. सगळी नूरा कुस्ती!" म्हणणारे कोण, तर जत्रेच्या फडात वस्तादाने जोड बघून कुस्ती लावली की माना डोलावणारे.

इथे इंग्लंडात नवख्यासमोर मुरलेला हरणारा उभा करण्यात कुणाला लाज वाटत नाही. पीटर बकली ३०० लढती लढला, त्यातल्या २५६ हरला. क्रिस्टियन लेट ३०० पैकी २७९. हे नूरा नव्हे. हातांचा कोट करून चार फेऱ्या काढायच्या, पोराला दमवायचं, पण भुवई फुटू द्यायची नाही, कारण जखम झाली की पुढच्या शनिवारची कमाई बुडाली. छोट्या हॉलमध्ये गुण रेफ्री एकटाच देतो, ४०-३६, म्हणजे चारही फेऱ्या पोराच्या. पाहुण्याचं, म्हणजे त्या हरणाऱ्याचं, मानधन बहुतेकदा यजमान पोराने खपवलेल्या तिकिटांतून निघतं. उरलेल्या पैशातून मॅनेजर पंचवीस टक्क्यांपर्यंत नेतो, ट्रेनर दहा. अशा हिशेबात पहिल्याच वर्षी वाघ कोण बोलावील?

शिवाय विजेंदरला शिकलेलं विसरायचं होतं. बीजिंग ऑलिंपिकला २००८ मध्ये दोन-दोन मिनिटांच्या चार फेऱ्या, डोक्याला हेडगार्ड, ठोसा लागला की यंत्रावर गुण. व्यावसायिक पट्ट्यासाठी, म्हणजे किताबासाठी, तीन मिनिटांच्या दहा फेऱ्या, डोकं उघडं. तिथे टिचकी मारून पळण्याला किंमत नाही. पाय रोवून बरगडीत मारावं लागतं, तेव्हा आठव्या फेरीत समोरच्याचे हात खाली येतात. हे सगळं तिशीच्या उंबरठ्यावर, मँचेस्टरला ट्रेनर ली बियर्डच्या हाताखाली.

टीका करायचीच तर तारखा काढा. ऑक्टोबर २०१५ ते मे २०१६, सात महिन्यांत सहा लढती, सगळ्या इंग्लंड-आयर्लंडमध्ये. पुढच्या सहा लढतींना चाळीस महिने लागले : दिल्ली, वरळी, जयपूर, मग नेवार्क, दुबई. २०१८ कोरडं. २०१९ मध्ये लोकसभेची निवडणूक लढवली. २०२० पुन्हा कोरडं. तालमीत इतका खाडा पडला की आधी अंतराचा अंदाज जातो. सरावात सोळा औंसांचे ग्लोव्ह्ज आणि हेडगार्ड असतात, तिथे तो परत येत नाही. सोळा महिन्यांनी, पस्तिशीत, समोर सहा फूट चार इंचांचा लोप्सान, तोच गोव्याचा रशियन. वेगळं काय होणार होतं?

वरळीला ऑगस्ट २०१७ मध्ये चीनच्या मैमैतिअलीविरुद्ध दोन पंचांनी विजेंदरला ९५-९४ असे जेमतेम जिंकवलं होतं. एक फेरी तिकडे गेली असती तर पट्टा गेला असता. गावाकडे मात्र चर्चा कशाची, तर सीमेवर शांतता नांदावी म्हणून तो पट्टा परत द्यायला निघाला याची.

"इथेच राहायला हवा होता," असं आम्ही परदेशस्थ ऐटीत म्हणतो. पण राहिला असता तर तिकिटं कुणी घेतली असती? आम्हीच. आणि आम्ही तर तिरंगा दिसला तरच येतो. एरवीच्या शनिवारी त्या हॉलकडे फिरकत नाही. दोन वर्षांत तोही पाहुण्यांच्या कोपऱ्यात उभा असता, आणि तो कोपरा कसा असतो हे आम्हाला कुणी सांगायला नको.

रायपूरला ऑगस्ट २०२२ मध्ये तो सतरा महिन्यांनी उतरला आणि घानाच्या सुलेला दुसऱ्याच फेरीत संपवलं. त्यावरही गावाकडून लगेच आलंच : "कच्चा होता."