म्हापसेकरांना उत्तर: मळ्यातली घरं, भाड्याच्या पावत्या आणि 'भायले'

म्हापसेकर, नमस्कार.

गेल्या आठवड्यात मी पणजीच्या मळा आणि फोंतेनियास या जुन्या वस्त्यांमधल्या नव्यानं रंगवलेल्या घरांबद्दल लिहिलं होतं. घरं वाचली, पण त्यांत भाड्यानं राहणारी माणसं उरली नाहीत, एवढंच माझं म्हणणं. त्यावर तुम्ही सविस्तर आणि बऱ्यापैकी चिडून लिहिलंत. तुमचे तीन मुख्य मुद्दे असे: पर्वरीच्या फ्लॅटमध्ये बसून पडक्या घरांचे कढ काढणं सोपं असतं, नाममात्र भाड्यात पन्नास वर्षं काढणाऱ्या भाडेकरूंचा पुळका का यावा, आणि झोपडपट्ट्या भायल्यांच्या, म्हणजे बाहेरून आलेल्यांच्या, मतांसाठी वसवलेल्या, त्यांना जुन्या पणजीच्या गोष्टीत ओढू नये.

पहिला मुद्दा मान्य. मी पर्वरीला तिसऱ्या मजल्यावर राहते, लिफ्ट आहे, पावसात छत गळत नाही. माझा जन्म मात्र मळ्यातला, आल्तिन टेकडीच्या उताराला टेकलेल्या एका घरात. आमच्या दोन खोल्या भाड्याच्या होत्या. जून लागला की मागच्या भिंतीतून डोंगराचं पाणी पाझरायचं आणि चुन्याचे पोपडे जेवणाच्या ताटात पडायचे. जिन्याच्या तिसऱ्या पायरीला वाळवी लागलेली, ती ओलांडूनच चढायची हे आम्हा पोरांना चालायला लागल्यापासून ठाऊक. तेव्हा त्या घराचं कौतुक मला कुणी शिकवू नये आणि मीही कुणाला सांगत नाही.

दुसऱ्या मुद्द्यात तुम्ही अर्धे बरोबर आहात, आणि हे मूळ लेखात यायला हवं होतं. वडिलांच्या ट्रंकेत भाड्याच्या पावत्या सापडल्या. महिना पंचेचाळीस रुपये. घराची मालकीण विधवा बाई. तेवढ्यात कौलांची शाकारणीसुद्धा व्हायची नाही, वासे बदलणं तर दूरच. १९६८ च्या भाडेनियंत्रण कायद्यानं भाडेकरूच्या डोक्यावरचं छप्पर राखलं, पण छप्पर दुरुस्त कोणी करायचं हा प्रश्न मालकाच्या गळ्यात तसाच राहिला. त्यात आपल्याकडचा वारसाहक्क. पोर्तुगीज नागरी कायद्याप्रमाणे मालमत्तेचा निम्मा भाग मुलाबाळांसाठी राखीव, त्यामुळे दोन पिढ्यांत एका घराला पंधरा-वीस वारस होतात. एक लिस्बनला, दोन मुंबईला, एकाचा पत्ताच नाही. इन्वेंतारचा, म्हणजे वारसांतल्या वाटणीचा, खटला चालू असतो तोवर खिळा ठोकायलाही कुणी पुढे येत नाही. फोंतेनियासमधली कितीतरी घरं भाडेकरूंनी नव्हे, अशा वाटण्यांनी पाडली आहेत. तुमच्या हिशेबात हे वारस कुठेच दिसले नाहीत.

एक गोष्ट मात्र त्या पावत्यांत नाही. दर मे महिन्यात शाकारणीचा निम्मा खर्च वडील द्यायचे. मालकीणबाईंनी सांगायचं, "यंदा जमणार नाही हो," आणि वडिलांनी कौलांचे पैसे काढून ठेवायचे. वीसेक वर्षं हे चाललं. याचा कागद नाही. घर विकलं गेलं तेव्हा त्या कौलांची किंमत विकणाऱ्याला मिळाली, वडिलांना नाही. फुकट राहिले म्हणता तेव्हा हे आठवतं.

पुढचं सांगते, कारण माझं सगळं म्हणणं त्यातच आहे. वारसांनी घर विकलं. घेणाऱ्यानं खोल्या रिकाम्या करून मागितल्या. आमच्याकडे पावत्या होत्या, म्हणून जागा सोडण्याचे पैसे मिळाले. त्यात वडिलांच्या फंडाचे घातले आणि पर्वरीचा फ्लॅट झाला. म्हणजे ज्या फ्लॅटचा तुम्ही टोमणा मारलात तो त्या पावत्यांतूनच आला आहे. आमच्या खाली, जिन्याखालच्या खोलीत, एक बाई दोन मुलींना घेऊन राहायची. पापड-लोणची करून विकायची. ती भाडं द्यायची ते मालकीणबाईंना नाही, आमच्या शेजारच्या भाडेकरूला. पोटभाडेकरू. तिच्या नावाची एकही पावती नाही. तिला काहीच मिळालं नाही. ती चिंबलला इंदिरानगरच्या झोपडपट्टीत गेली आणि आता रोज बसनं पणजीत पाटोपर्यंत येऊन एका होमस्टेमध्ये चादरी धुते. त्याच घरात धुते असं लिहिलं असतं तर गोष्ट जास्त रंगली असती, पण तसं नाही. दोन गल्ल्या पलीकडे.

घराचं नूतनीकरण म्हणजे नुसता रंग आणि कौलं नाहीत, राहण्याच्या कागदाचीही ती छाननी असते. मालकाचा कागद सगळ्यात वर. मग पावती असलेला भाडेकरू. ज्याचा कागदच नाही तो पहिल्या दिवशी बाहेर, आणि गरिबी नेमकी त्याच्याच खोलीत मुक्कामाला असते. १९७५ च्या मुंडकार कायद्याचं उदाहरण घ्या. भाटकाराच्या, म्हणजे जमीनमालकाच्या, जमिनीवर घर करून राहणाऱ्या मुंडकाराला घर आणि भोवतालची जागा विकत घ्यायचा हक्क त्यानं दिला, नगरपालिका हद्दीत दोनशे चौरस मीटरपर्यंत. केवढा मोठा कायदा! पण पणजीतल्या जिन्याखालच्या खोलीला तो लागू पडत नाही. अनधिकृत बांधकामं नियमित करण्याच्या २०१६ च्या कायद्यात २८ फेब्रुवारी २०१४ ही तारीख आहे. तारीख बांधकामाची बघतात. त्यात भाड्यानं राहणारा कोण, हा प्रश्न मागेच राहतो.

आता भायले. खरं सांगू, तुमचा हा मुद्दा वाचून हसू आलं. फोंतेनियासची वस्ती ज्याच्या माडांच्या भाटात उभी राहिली असं सांगतात, त्या आंतोनियो जुआंव दी सिकेराला लोक 'मोसमीकार' म्हणत, कारण त्यानं पैसा मोझांबिकमध्ये कमावला होता. पणजी १८४३ साली राजधानी झाली तीही जुनं गोवें साथींनी ओस पडलं म्हणून. बरीच जागा खाजणीची, म्हणजे खाऱ्या पाण्याच्या दलदलीची, भर घालून केलेली. या शहरात मुळापासून रुजलेलं असं माडाशिवाय फार थोडं आहे.

आणि आजचे भायले कोण? २०११ च्या जनगणनेत गोव्याची ६२ टक्के लोकसंख्या शहरी निघाली, देशातल्या सगळ्या राज्यांत जास्त. ही शहरं बांधली कोणी? मुरगाव बंदरात माल कोणी चढवला? झुआरीनगरची वस्ती खत कारखान्याच्या आधी होती की नंतर? मडगावच्या मोती डोंगरावर राहणारे सकाळी कुठे कामाला जातात, एकदा बसस्टँडवर उभं राहून बघा. सांतिनेजच्या नाल्याकाठी कामराभाटातली माणसं पणजीचा कचरा उचलतात, तुमच्या पाहुण्यांच्या खोल्या झाडतात. मतांसाठी त्यांना पोसणारे राजकारणी आहेत, यावर माझं तुमच्याशी भांडण नाही. पण मत घेतलं, काम घेतलं आणि राहायला जागा द्यायची वेळ आली की भायला, हा हिशेब मला पटत नाही.

वास्कोचा बायणा किनारा तुम्हाला आठवतच असेल. जून २००४, ऐन पावसात बुलडोझर. वेश्यावस्ती हटवायची म्हणून किनाऱ्यावरची वस्ती पाडली, त्यात त्या धंद्याशी काही संबंध नसलेल्यांचीही घरं गेली. तेव्हा वर्तमानपत्रांत 'साफसफाई' हा शब्द मी इतक्यांदा वाचला की अजून तो शब्द ऐकला तरी किनाऱ्यावर भिजत पडलेली भांडी दिसतात.

असं सगळ्यात आधी आपल्याकडेच झालं, असं नाही. मुंबईत प्लेगनंतर १८९८ साली सुधार ट्रस्ट आला. दाटीवाटीची वस्ती पाडायची, रुंद रस्ते काढायचे. नागपाड्यापासून सुरुवात झाली. रस्ते झाले, आजही आहेत. उठवलेले गरीब मात्र शेजारच्या आळीत आणखी दाटीनं जाऊन राहिले, कारण त्यांचं काम तिथेच होतं. १९१४ साली भारतात आलेले स्कॉटिश नगररचनाकार पॅट्रिक गेडीस हेच जीव तोडून सांगत होते की वस्तीवर कुऱ्हाड चालवू नका. अगदी मोडकी दोन-चार घरं काढा, हवा खेळू द्या, विहीर-तळं जपा, बाकीची माणसं जागच्या जागी राहू द्या. पुढे मुंबई विद्यापीठात समाजशास्त्र विभागाचे ते पहिले प्रमुख झाले. त्यांचं ऐकलं किती, हा वेगळा विषय.

तुम्ही विचारलंत, "मग काय, घरं पडू द्यायची?" नाही. माझं मागणं साधं आहे, पण स्वस्त नाही. दुरुस्तीला सरकारी पैसा द्या, मालकालाच द्या, पण आत राहणारा पुढची पंधरा वर्षं आतच राहील या अटीवर. भाडं वाढवा, टप्प्याटप्प्यानं; पंचेचाळीस रुपयांचं समर्थन मी करणार नाही. आणि यादी करताना पोटभाडेकरूलाही मोजा. मुंबईत १९६९ च्या कायद्यानं जुन्या इमारतींवर उपकर लावून दुरुस्ती मंडळ काढलं. त्या मंडळाचा कारभार काय आहे ते दर पावसाळ्यात कळतं, तेव्हा ते जसंच्या तसं उचला असं मी म्हणत नाही. पण दुरुस्ती आणि भाडेकरू यांचा विचार एकत्र करता येतो, एवढं त्यातून दिसलं. पणजी २०१६ साली स्मार्ट सिटीच्या यादीत गेली, तेव्हापासून खोदलेल्या रस्त्यांवर माझ्यासकट सगळे बोलले. जिन्याखालच्या खोल्यांबद्दल मात्र चकार शब्द ऐकला नाही.

पर्यटक नसते तर ही घरं उरलीच नसती, हे तुमचं वाक्य खोडून काढायचा मी दोन दिवस प्रयत्न केला. जमलं नाही. काही घरं खरंच होमस्टेच्या पैशावर उभी आहेत. पण फोंतेनियासमध्ये ज्या घरांत अजून माणसं राहतात, त्यांच्या दारांवर 'फोटो काढू नका' असे फलक लागलेत, तेही बघून या.

ता. क. तुम्ही म्हणता तेच बरोबर. माझ्या लेखासोबतचा निळ्या बाल्कांवचा (दारापुढच्या ओसरीचा) फोटो मळ्यातला नाही, पणजीतल्याच सांतोमेचा आहे. बदलला आहे.