अकरावीच्या यूएस हिस्टरीच्या नियमांवर सही करताय? आधी वाचा

अमेरिकेत शाळा सुरू झाली की पहिल्या आठवड्यात अकरावीच्या यूएस हिस्टरीच्या वर्गातून तीन-चार पानांचं पत्रक घरी येतं. गुण कसे देणार, उशिरा दिलं तर काय, गैरहजेरीचं काय, नक्कल सापडली तर काय, फोन कुठे ठेवायचा, सगळं त्यात असतं. खाली विद्यार्थ्याची आणि पालकाची सही. आपल्या मराठी घरांत ते फार तर अर्धा मिनिट टेबलावर टिकतं. 'इतिहासच ना, वाचेल तो,' असं म्हणून सही होते आणि सगळे पुन्हा प्रीकॅल्क्युलस आणि केमिस्ट्रीच्या मागे लागतात. माझं मत उलटं आहे. वर्षभरात सगळ्यात बारकाईने वाचावा असा कागद हाच. गणितात न येणाऱ्याचे गुण जातात. या वर्गात येत असणाऱ्याचेही जातात, आणि बहुतेकदा पत्रकात छापलेल्या एखाद्या नियमानेच जातात.

नियम राज्यानुसार, डिस्ट्रिक्टनुसार (म्हणजे एका भागातल्या सरकारी शाळा चालवणाऱ्या संस्थेनुसार) आणि शेवटी टीचरनुसार बदलतात, म्हणून शेजारच्यांच्या मुलीला काय होतं ते विचारून उपयोग नाही. राज्याचा फरक तर मोठाच. टेक्सासमध्ये आठवीला 1877 पर्यंतचा इतिहास होतो आणि हायस्कूलचा वर्ग तिथून पुढे निघतो. कॅलिफोर्नियात अकरावीचा भर विसाव्या शतकावर. म्हणजे नववी-दहावी पुण्यात किंवा ठाण्यात करून थेट इथे आलेल्या मुलाला वसाहती, राज्यघटना, गुलामगिरीवरचे तंटे, यादवी युद्ध यातलं फारसं माहीत नसतं आणि टीचर मात्र ते आठवीत झालंय असं धरून चालतात. अशा मुलासाठी उन्हाळ्यात आठवीचं पाठ्यपुस्तक मागून आणा. सगळं वाचायची गरज नाही. राज्यघटना आणि पहिल्या 10 दुरुस्त्या, गुलामगिरीवरची 1820 ची मिसूरी तडजोड, काळ्यांना नागरिकत्व नाकारणारा 1857 चा ड्रेड स्कॉट निकाल, 1861 ते 1865 चं युद्ध आणि त्यानंतरच्या 13, 14, 15 या तीन दुरुस्त्या एवढं पक्कं झालं तरी सप्टेंबर निभतो. न्यूयॉर्कात शेवटी राज्याची रीजंट्स परीक्षा असते, पास व्हायला 65 लागतात. फ्लोरिडात राज्याच्या परीक्षेचं वजन कोर्सच्या ग्रेडमध्ये 30 टक्के असतं. आपल्या राज्यात काय आहे ते पत्रकात नसेल तर विचारून घ्या.

आता गुणांचं. पत्रकात दोनपैकी एक पद्धत असते: एकूण पॉइंट्सची, नाहीतर वजनाची. वजनाची असेल तर शाळेच्या ऑनलाइन पोर्टलवरचे आकडे पाहून मनातल्या मनात सरासरी काढू नका, चुकेल. समजा टेस्टना 60 टक्के वजन, क्लासवर्कला 25, होमवर्कला 15. मुलाचे टेस्टचे सरासरी 92, क्लासवर्कचे 88, पण होमवर्क अर्धंमुर्धं दिल्यामुळे 40. हिशोब 55.2 अधिक 22 अधिक 6, म्हणजे 83.2. टेस्टमध्ये ए मिळवणारं मूल बी घेऊन घरी येतं आणि आपण टीचरला बोल लावतो.

त्याहून घात करतो तो शून्य. चार असाइनमेंटना 95 आणि पाचवी दिलीच नाही, तर सरासरी 76, म्हणजे सी. काही डिस्ट्रिक्टमध्ये न दिलेल्या कामालाही किमान 50 धरतात, तिथे हेच मूल 86 वर राहतं. यावर आपल्या ग्रुपांत नेहमी वाद होतो, 'न करता 50 कशाला?' मला हा नियम पटतो. ए, बी, सी, डी यांना प्रत्येकी साधारण 10 गुणांची जागा आणि एफला एकट्याला 60 गुणांची, असं माप असेल तर एक शून्य चार चांगल्या कामांवर पाणी फिरवतं. तो आकडा मुलाला इतिहास किती येतो हे सांगतच नाही. पण तुमच्या टीचरचा नियम शून्याचा असेल तर त्याच्याशी भांडून काही होत नाही. त्यांनी ते आधीच लिहून दिलंय आणि तुम्ही सही केली आहे.

पोर्टलची एक खोच. पॉवरस्कूल असो, कॅनव्हास असो, दुसरं काही असो, टीचरने एखादा रकाना रिकामा ठेवला तर तो बहुतेक वेळा सरासरीत धरला जात नाही. त्यामुळे मूल आठवडाभर 91 वर दिसतं, टीचर रविवारी रात्री बसून रिकाम्या जागी शून्य भरतात आणि सोमवारी 78 दिसतात. घरात रामायण होतं. वास्तविक त्या दिवशी नवीन काहीच घडलेलं नसतं. म्हणून टक्के बघू नका, 'मिसिंग' लिहिलेल्या ओळी बघा, तेही आठवड्यातून एकदाच. उशिरा दिलेल्या कामाला दर दिवशी 10 टक्के कपात हा सर्रास आढळणारा नियम. काही टीचर युनिट संपलं की ते काम घेतच नाहीत. तेव्हा जुनं 30 टक्क्यांना उरलेलं काम पूर्ण करण्याआधी आज द्यायचं पूर्ण किमतीचं काम करावं. मुलं नेमकं उलट करतात.

लिखाणाकडे मात्र थोडं थांबून पाहायला हवं, कारण आपली मुलं इथेच अडतात. सनावळी पाठ असते, परिच्छेद लांब असतात, तरी गुण नाहीत. प्रश्न असा येतो: 1865 ते 1877 या काळात आफ्रिकन अमेरिकनांचं आयुष्य कितपत बदललं? मूल लिहितं, 'या काळात अनेक महत्त्वाचे बदल झाले.' थीसिसचा, म्हणजे निबंधातल्या मुख्य दाव्याचा, गुण शून्य, कारण यात कुणी नाकारू शकेल असं काही म्हटलेलंच नाही. हेच असं लिहिलं तर चालतं: 'तीन घटनादुरुस्त्यांनी स्वातंत्र्य, नागरिकत्व आणि पुरुषांना मतदानाचा हक्क मिळाला, पण जमीन न मिळाल्याने बहुतेक कुटुंबं शेअरक्रॉपिंगमध्ये, म्हणजे अर्धेलीच्या शेतीत अडकली आणि 1877 ला संघराज्याचं सैन्य दक्षिणेतून मागे घेतल्यावर ते हक्क राखायला कुणी उरलं नाही.' इथे बाजू आहे, कारणं आहेत आणि पुढचे परिच्छेद कशावर असतील तेही ठरलं.

दुसरी अडचण सोर्सिंगची. दिलेल्या कागदपत्रातला मजकूर आपल्या शब्दांत लिहिला की झालं असं मुलांना वाटतं. विचारलेलं असतं ते हे: कुणी, कधी, कुणासाठी, कशासाठी लिहिलं आणि म्हणून यावर कितपत विसंबायचं. मराठी घरात याचा सराव करायला उत्तम साधन आहे. महात्मा फुल्यांनी 1873 साली 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण केली, गुलामांना दास्यमुक्त केल्याबद्दल. मुलाला तेवढंच पान द्या. लेखक पुण्यातला, अमेरिकेतल्या घटनेला आठ वर्षं झालेली. अर्पण अमेरिकनांना, पण वाचणार महाराष्ट्रातले लोक. हेतू हा की आपल्या देशबांधवांनी तो कित्ता गिरवून शूद्रांना मोकळं करावं. आता विचारा, दक्षिणेत 1873 साली काय चाललं होतं याचा पुरावा म्हणून हे पान चालेल का? नाही चालणार. तिथे काळ्यांवर हल्ले करणाऱ्या कू क्लक्स क्लान या गोऱ्यांच्या संघटनेच्या हिंसेवर 1871 साली काँग्रेसला, म्हणजे अमेरिकी संसदेला, कायदा करावा लागला होता, त्याचा मागमूस या अर्पणात नाही. पण गुलामगिरीच्या अंताकडे जगात लोक कसं पाहत होते, याचा पुरावा म्हणून ते भक्कम आहे. हा फरक मुलाला स्वतःच्या वाक्यांत सांगता आला की सोर्सिंग जमलं.

एपी यूएस हिस्टरी, म्हणजे याच विषयाचा कॉलेजच्या पातळीचा वर्ग, घेतली असेल तर हेच मोजून मापून येतं. मे महिन्यातली परीक्षा सव्वातीन तासांची: 55 मिनिटांत 55 बहुपर्यायी प्रश्न (40 टक्के), 40 मिनिटांत तीन लघुप्रश्न (20 टक्के), सात कागदपत्रांवरचा निबंध एका तासात (25 टक्के) आणि लांब निबंध 40 मिनिटांत (15 टक्के). कागदपत्रांच्या निबंधाला सात गुण: थीसिस 1, पार्श्वभूमी 1, कागदपत्रांतला पुरावा 2, बाहेरचा पुरावा 1, सोर्सिंग 1, गुंतागुंत 1. पुराव्याचे दोन्ही गुण मिळायला किमान चार कागदपत्रं मुद्द्याला जोडावी लागतात, सोर्सिंगसाठी किमान दोन. सातही कागदपत्रांचा सारांश लिहीत बसलेल्या मुलाचा वेळ संपतो आणि बाहेरचा पुरावा राहून जातो. आणि हे ध्यानात असू द्या: जुलैत येणारा 1 ते 5 चा स्कोअर वेगळा, वर्गाची ग्रेड वेगळी. परीक्षेचं नाव शाळेकडे आदल्या नोव्हेंबरातच द्यावं लागतं. गेल्याच वर्षी भारतातून आलेल्या मुलाला केवळ 'जीपीएला (सगळ्या ग्रेडच्या सरासरीला) वजन मिळतं' म्हणून यात ढकलू नये. रोजचं वाचन इतर वर्गांच्या मानाने फार जास्त असतं आणि ट्रान्सक्रिप्टवर, म्हणजे हायस्कूलच्या गुणपत्रकावर, खूण न पडता वर्ग बदलण्याची मुदत काही आठवड्यांतच संपते.

चॅटजीपीटीबद्दल पत्रकात एक परिच्छेद असतोच. टीचरना पकडायला एआयचं लिखाण ओळखणाऱ्या डिटेक्टरची गरज नसते, ते गूगल डॉक्सची व्हर्जन हिस्टरी, म्हणजे फाइलमध्ये कधी काय लिहिलं याची नोंद, उघडतात. रात्री 11:52 ला 700 शब्द एका फटक्यात चिकटवलेले दिसले की संभाषण संपलं. मूल खरंच वहीत किंवा दुसरीकडे लिहून शेवटी चिकटवत असेल, तरी दिसायला ते तसंच दिसतं. म्हणून पहिल्या ओळीपासून त्याच फाइलमध्ये लिहायची सवय लावा. पुस्तकातली वाक्यं जशीच्या तशी उतरवणं भारतात खपून जातं. इथे स्रोत न देता दोन वाक्यं उचलली तरी शून्य आणि वर शाळेची कारवाई.

फोन कापडी खणात ठेवायचा असतो, हे मुलं पाळतात. सकाळी साडेदहाला 'डबा खाल्लास का' असा व्हॉट्सअ‍ॅप आईबाबाच करतात, तेवढं आवरा.

डिसेंबरची भारतवारी हा खास आपला घोटाळा. तिकीट स्वस्त म्हणून सुट्टीच्या आठ दिवस आधी निघायचं आणि दहा दिवस उशिरा परतायचं. कौटुंबिक प्रवासाची गैरहजेरी बहुतेक ठिकाणी अनएक्स्क्यूज्ड, म्हणजे विनापरवानगी, धरतात आणि अशा दिवसांतल्या टेस्टला मेकअप, म्हणजे नंतर देण्याची संधी, मिळेलच असं नाही. टेक्सासमध्ये तर वर्गाचं क्रेडिट मिळायला 90 टक्के हजेरीची अट आहे. तिकीट काढण्याआधी सेमिस्टरची अंतिम परीक्षा नाताळच्या आधी आहे की जानेवारीत ते पाहा, आणि शाळेचा आगाऊ रजेचा फॉर्म किंवा इंडिपेंडंट स्टडीची (शाळेबाहेर राहून अभ्यास करण्याची) सोय विचारा. लग्न सख्ख्या मावशीचं असलं तरी टीचरला परत आल्यावर कळवू नका.

राहिली टीचरला ईमेल. आधी मुलाने लिहावी, पालकाने नंतर. एका टीचरकडे पाच वर्ग, प्रत्येकी तीस मुलं, म्हणजे दीडशे निबंध. एकाला दहा मिनिटं धरली तरी 25 तास होतात, त्यामुळे निबंध परत यायला दोन-तीन आठवडे लागले तर तो आळस नाही. ईमेलमध्ये असाइनमेंटचं नाव, तारीख, पोर्टलवर काय दिसतंय आणि एकच प्रश्न. 'रुब्रिकमधल्या (गुण देण्याच्या निकषांतल्या) पार्श्वभूमीच्या गुणासाठी माझ्या दुसऱ्या परिच्छेदात काय कमी पडलं?' याला उत्तर येतं. 'माझी ग्रेड वाढवता येईल का?' याला येत नाही. एक्स्ट्रा क्रेडिटची, म्हणजे जादा कामाच्या गुणांची, विनवणी सेमिस्टरच्या शेवटच्या आठवड्यात केली तर हमखास नकार मिळतो. टेस्ट पुन्हा देण्याची सोय मात्र बऱ्याच वर्गांत असते, चुका दुरुस्त करून आठवडाभरात मागावी लागते आणि वरची मर्यादा अनेकदा 70 किंवा 80 असते. ती ओळ सहसा तिसऱ्या-चौथ्या पानावर असते.