'विमा उतरवला की मालक मोकळा': फिरत्या संदेशाचा प्रतिवाद

दसऱ्यानंतर जळगाव-धुळ्याकडील जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातली सरकी काढणाऱ्या कारखान्यांत, मजूरभरती सुरू झाली की एक संदेश हमखास मोबाइलवर फिरू लागतो. त्याचा मजकूर असा: मजुरांचा विमा उतरवला असेल तर मृत्यूनंतर मालकाचा संबंध संपतो आणि पुढचे विमा कंपनी पाहते, मजूर ठेकेदाराचा असेल तर मालकाला विचारायचेच नाही, चूक मजुराची असेल तर काहीच मिळत नाही, आणि घरच्यांनी स्टॅम्प पेपरवर सही केली की विषय मिटला. या चारही विधानांना 1923 च्या कर्मचारी नुकसानभरपाई कायद्यात आधार नाही. 21 नोव्हेंबर 2025 पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली असली तरी त्याआधीच्या अपघातांना जुनाच कायदा लागतो, म्हणून त्याच्याच आधारे लिहितो.

पहिले विधान विम्याचे. कायदा भरपाईची जबाबदारी टाकतो ती मालकावर. विमा हा मालकाने स्वतःच्या सोयीसाठी केलेला करार असतो, आणि करारात जेवढे लिहिले आहे तेवढेच कंपनी देते. विमा नसला तरी मालकाची जबाबदारी तसूभरही कमी होत नाही. 35 वर्षांचा, महिना 12,000 रुपये मिळवणारा मजूर यंत्राच्या पट्ट्यात ओढला जाऊन दगावला असे धरू. अर्धा पगार 6,000, त्याला कायद्याच्या तक्त्यातला त्या वयाचा गुणांक 197.06 लावला की 11,82,360 रुपये होतात. ही रक्कम अपघाताच्या दिवसापासूनच देय होते. महिन्याभरात जमा केली नाही तर वर्षाला 12 टक्के व्याज, म्हणजे दरसाल 1,41,883 रुपये चढत जातात, आणि उशिराला सबळ कारण नसेल तर मूळ रकमेच्या निम्म्यापर्यंत दंडही बसू शकतो. हा दंड विमा कंपनीवर ढकलता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 1997 मध्येच सांगितले; आणि कामगार विम्याच्या पॉलिसीत व्याज वगळले असेल तर तेही मालकाच्याच अंगावर येते, असे 2006 च्या निकालात म्हटले. तेव्हा 'कंपनी पाहील' म्हणून स्वस्थ बसलेल्या मालकाच्या खिशाला बसणारी चाट मूळ भरपाईच्या निम्मीहून अधिक होऊ शकते. पॉलिसीवर किती मजूर आणि किती पगार दाखवला आहे, हे अपघातानंतर वाचण्यापेक्षा हप्ता भरतानाच वाचलेले बरे.

इथेच आणखी एक घोळ घातला जातो. वर्षाला 20 रुपये बँक खात्यातून कापणारी प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजना अपघाती मृत्यूला दोन लाख रुपये देते. ती मजुराची स्वतःची पॉलिसी आहे. ते दोन लाख मिळाले म्हणून मालकाचे देणे फिटत नाही.

ठेकेदाराबाबत थोडक्यात सांगता येईल. कलम 12 नुसार कारखान्याच्या नेहमीच्या कामाचा भाग ठेक्याने दिला असेल तर भरपाई मूळ मालकाकडून मागता येते. मालकाने ती नंतर ठेकेदाराकडून वसूल करावी. मृताच्या बायकोने मुकादमाचा पत्ता शोधत गावोगाव फिरावे, अशी कायद्याची अपेक्षा नाही.

मजुराच्या चुकीचे विधान अर्धवट वाचनातून आलेले दिसते. दारू, हेतुपुरस्सर आज्ञाभंग किंवा यंत्रावरची मुद्दाम काढलेली संरक्षक जाळी ही कारणे कायद्यात आहेत खरी. पण मृत्यू किंवा कायमचे पूर्ण अपंगत्व आले असेल तर ती मालकाला वापरताच येत नाहीत. एक गोष्ट मात्र नाकारता येत नाही: कामाच्या जागी मृत्यू आला एवढेच पुरत नाही, मृत्यूचा कामाशी संबंध दाखवावा लागतो. हृदयविकाराच्या प्रकरणांत खरी लढाई इथेच होते. तसेच मजूर कर्मचारी राज्य विमा योजनेत असेल तर या कायद्याखाली वेगळा दावा चालत नाही, कारण अवलंबितांना ती योजनाच दरमहा लाभ देते.

आता स्टॅम्प पेपर. दोन वर्षांपूर्वी चोपड्याकडील एक बाई प्लॅस्टिकच्या पिशवीत घडी घातलेला असा एक कागद घेऊन माझ्याकडे आली होती. चाळीस हजार मिळाले, आता कुठलीही तक्रार नाही, असा मजकूर आणि खाली निळ्या शाईचा अंगठा. 'आंगठा ते दी टाका भाऊ, आते काय?' एवढेच तिने विचारले. कलम 8 सांगते की मृत्यूची भरपाई आयुक्तांकडे, म्हणजे आपल्याकडे बहुधा कामगार न्यायालयाकडे, जमा केली पाहिजे. परस्पर हातात दिलेला पैसा भरपाई मानलाच जात नाही. मालकाने अवलंबितांना भरपाईपोटी दिलेल्या उचलीपैकी तीन महिन्यांच्या पगाराएवढी रक्कम तेवढी वळती होते. हक्क सोडून देणारा करार तर कलम 17 नुसार मुळातच रद्दबातल आहे. त्या कागदाचा उपयोग एकच झाला: मृत व्यक्ती आपली मजूर होती, हे मालकाने त्यात स्वतःच लिहून दिले होते.

गाडीवरच्या हमालांबद्दलही असेच बोलले जाते. फेब्रुवारी 2021 मध्ये यावल तालुक्यात किनगावजवळ पपईचा ट्रक उलटून त्यावर बसलेले रावेरकडचे डझनावर मजूर दगावले, तेव्हा 'मालवाहू गाडीत माणसांचा विमा नसतो' हे वाक्य अनेकांच्या तोंडी होते. गाडीमालकाने कामावर घेतलेला हमाल मालासोबत जात असेल, तर या कायद्यापुरती त्याची जोखीम मोटार वाहन कायद्याच्या कलम 147 नुसार सक्तीच्या विम्यातच येते.

शेवटी, संदेशाच्या तळाशी कोणीतरी जोडलेली ओळ: अपघात गुजरातमध्ये झाला तर दावाही तिकडेच. उसतोडीला बारडोलीकडे जाणाऱ्या नंदुरबारच्या कुटुंबांचे या ओळीने सर्वांत जास्त नुकसान होते. कलम 21 नुसार मृताचे अवलंबित जिथे राहतात तिथल्या आयुक्तांकडेही दावा दाखल करता येतो. मुदत मृत्यूपासून दोन वर्षांची आहे, आणि पुरेसे कारण दाखवले तर उशीरही माफ होतो. तळोद्याच्या बाईने त्यासाठी सुरतेची गाडी पकडण्याची गरज नाही.