नाव एक, माणसं सात

माझं नाव तुम्हाला कळलं तरी त्यावरून मी कोण हे कळेल असं समजू नका. करवीर तालुक्यातल्या आमच्या गावात याच नावाआडनावाचे आम्ही सातजण आहोत. त्यातल्या दोघांच्या तर बापांचीही नावं एक. पोस्टमन आला की पारावरची माणसं आधी विचारतात, "पत्र कसलं हाय?" सोसायटीची नोटीस असली की माळावरच्याकडं, लग्नपत्रिका असली की पैलवानाकडं, आणि पाकिटावर एखाद्या कारखान्याचा शिक्का असला की माझ्याकडं. मी गावात 'पॅनेलवाला'. अशी गावची व्यवस्था, आणि ती आजवर कधी चुकलेली नाही.

चुकलं ते मोबाईलवर. गेल्या महिन्यात भाच्यानं कसलंसं प्रोजेक्ट करताना माझं नाव इंग्रजीत टाईप केलं आणि त्याला अमेरिकेतली अकरा पेटंट सापडली. सगळी इलेक्ट्रॉनिक्स थंड ठेवण्याची. त्यानं पुढचामागचा विचार न करता तालमीच्या ग्रुपवर टाकलं, "मामाच्या नावावर अमेरिकेत ११ पेटंट!!!" संध्याकाळपर्यंत चौकात फ्लेक्स लागला. माझा लग्नातला फोटो, मागं अमेरिकेचा झेंडा, खाली अठरा शुभेच्छुक, आणि मधोमध 'थोर शास्त्रज्ञ'. कोल्हापुरात फ्लेक्स लागायला कारण लागत नाही हे मान्य, पण इथं कारण होतं आणि तेच खोटं होतं.

लोकांना ते खरं वाटलं याचा दोष मी त्यांना देत नाही. माझं कामच त्या जातीचं आहे. शिरोली आणि गोकुळ शिरगावच्या फौंड्र्यांतली इंडक्शन फर्नेसची, म्हणजे विजेवर लोखंड वितळवणाऱ्या भट्ट्यांची, पॅनेल मी दुरुस्त करतो. ज्यांनी हे पाहिलं नसेल त्यांच्यासाठी सांगतो. भट्टीची कॉइल म्हणजे तांब्याची पोकळ नळी. नळीच्या तांब्यातून हजारो अँपिअर करंट आणि तिच्या पोटातून पाणी. आत चौदाशे-पंधराशे अंशांचा लोखंडाचा रस, आणि वीतभर अंतरावर हात लावता येईल असं कोमट पाणी. पॅनेलमध्ये एससीआर असतात, म्हणजे करंट चालू-बंद करणारे सिलिकॉनचे स्विच, जाड बिस्किटाएवढे. त्यांना दोन्ही बाजूंनी हीटसिंकमध्ये, म्हणजे उष्णता ओढून घेणाऱ्या धातूच्या ठोकळ्यांत, आवळून बसवतात आणि त्या हीटसिंकमधूनही पाणी फिरवतात. साधं पाणी चालत नाही, कारण तिथं व्होल्टेज असतं. म्हणून क्षार काढलेलं डीएम पाणी. त्या पाण्यात क्षार वाढले की पाण्यातूनच करंट गळायला लागतो आणि पॅनेल ट्रिप होतं. आतलं सिलिकॉन साधारण १२५ अंशांच्या पुढं गेलं की संपलं. होज पाइपात एवढासा गाळ चोक झाला तरी अख्खी हीट बोंबलते. (आमच्याकडं भट्टीच्या एका घाण्याला 'हीट' म्हणतात, त्यामुळं हे वाक्य दोन्ही अर्थांनी घ्या.)

तर गार ठेवणं हाच माझा धंदा. पण गार ठेवण्याचा शोध लावणं वेगळं, आणि मी तो लावलेला नाही.

त्या रात्री जेवण झाल्यावर ती अकरा पेटंट उघडून बसलो. इंग्रजी वकिली होतं, पण चित्रं ओळखीची होती. पेटंटच्या पहिल्या पानावर कंसात छोटे आकडे असतात. ७२ च्या (जुन्या अमेरिकन पेटंटांत ७५ च्या) पुढं संशोधकाचं नाव असतं, ७३ च्या पुढं ज्याला हक्क दिला त्याचं, म्हणजे बहुतेक वेळा कंपनीचं. अमेरिकन पेटंटात संशोधकाच्या नावापुढं त्याचं राहतं गाव छापलेलं असतं. मी नाव सोडलं आणि गावं वाचत गेलो. सहा पेटंटांत एक गाव, पाचांत दुसरं, दोन टोकांची. सहावाला सर्व्हरच्या पंख्यांत आणि हवेच्या वाटांत रमलेला, पाचवाल्याचं सगळं लक्ष फोनमधल्या पातळ तांब्याच्या पत्र्यावर. सोबतचे संशोधक वेगळे, कंपन्या वेगळ्या. सगळ्यात जुना अर्ज १९९४ चा, तेव्हा मी सातवीत होतो आणि माझं संशोधन गलोरीपुरतं होतं. म्हणजे भाच्यानं दोन माणसांना एक केलं आणि त्या एकाला मामा केलं.

ही गफलत आमच्या घरापुरती नाही, या विषयात ती मुरलेली आहे. अमेरिकेत उष्णतेच्या अभ्यासात दोन मोठे प्राध्यापक आहेत, सुरेश गरिमेल्ला आणि श्रीनिवास गरिमेल्ला. सुरेश पर्ड्यू विद्यापीठात इलेक्ट्रॉनिक्स कूलिंगचं संशोधन केंद्र चालवायचे, पुढं व्हरमाँट विद्यापीठाचे अध्यक्ष झाले. श्रीनिवास जॉर्जिया टेकचे. दोघांनीही केसाएवढ्या बारीक वाहिन्यांतून द्रव फिरवून उष्णता कशी न्यायची यावर काम केलंय. आता निबंधाच्या यादीत नुसतं 'एस. गरिमेल्ला' छापलं तर कुणाचं काम कुणाच्या खात्यावर जमा करणार? आपल्याकडचं बघा. सुहास पाटणकर मूळ पुण्याचे. १९७२ साली त्यांनी ब्रायन स्पॉल्डिंग यांच्यासोबत द्रवाच्या प्रवाहाचं गणित संगणकावर सोडवायची 'सिम्पल' नावाची रीत मांडली, जी आजही जगभर शिकवतात. डेटा सेंटरच्या फरशीखालून थंड हवा कशी वाहते याचा हिशोब करणारं सॉफ्टवेअरही त्यांच्या कंपनीनं काढलं. आणि नॉर्थवेस्टर्न विद्यापीठात नीलेश पाटणकर आहेत, तेही द्रवांच्या प्रवाहावरच काम करणारे. इथं निदान पहिलं अक्षर वेगळं आहे. नुसतं 'पाटणकरांची रीत' म्हणणाऱ्याला मात्र कोण आठवतंय ते त्यालाच ठाऊक.

सगळ्यात मजेशीर प्रकरण पर्किन्स घराण्याचं. आजोबा जेकब पर्किन्स, यांनी १८३४ साली बर्फ बनवायच्या यंत्राचं ब्रिटिश पेटंट घेतलं. आपल्या फ्रिजचा तो मूळपुरुष. (त्याच वर्षी पेल्तिए नावाच्या फ्रेंच गृहस्थांना करंट सोडला की धातूंचा सांधा गार पडतो हे दिसलं. १८३४ साल थंडीचं होतं म्हणायचं.) मुलगा अँजियर मार्च पर्किन्स गरम पाण्याच्या नळ्यांनी घरं उबदार करायचा. नातू लॉफ्टस, तोही वाफ आणि थंडी यांतलाच. दोन्ही टोकं बंद केलेली, आत थोडं पाणी असलेली जी 'पर्किन्स ट्यूब', तिचं श्रेय कुणी आजोबाला देतं, कुणी बापाला. आडनाव तेवढं टिकलं. सातबाऱ्यावर असा घोळ झाला असता तर तीन पिढ्या कोर्टात गेल्या असत्या.

त्या ट्यूबचाच पुढचा अवतार म्हणजे तुमच्या लॅपटॉपमधली हीट पाइप. तांब्याची बंद नळी, आतली हवा काढलेली, आत थोडंसं पाणी आणि भिंतीला वातीसारखा सच्छिद्र थर. दाब कमी असल्यानं पाणी शंभर अंशांच्या खूप आधी उकळतं. गरम टोकाला वाफ होते, थंड टोकाकडं पळते, तिथं तिचं पुन्हा पाणी होतं आणि दिव्याची वात तेल ओढते तसं वातीतून परत येतं. पंप नाही, वीज नाही. हिचं पेटंट जनरल मोटर्सच्या रिचर्ड गॉग्लर यांना १९४४ साली मिळालं. त्यांच्या डोक्यात फ्रिज होता, आणि ती कल्पना कागदावरच पडून राहिली. १९६३ साली लॉस अलामॉसमध्ये जॉर्ज ग्रोव्हर यांनी स्वतंत्रपणे तीच गोष्ट करून दाखवली, तिला 'हीट पाइप' हे नाव दिलं आणि १९६६ साली त्यांनाही पेटंट मिळालं. म्हणजे इथं शोध एक आणि माणसं दोन. पण दोघांची नावं पूर्ण लिहिलेली, तारखा लिहिलेल्या, त्यामुळं आज आठवी शिकलेला पोरगाही कुणी आधी काय केलं ते सांगू शकतो.

कोल्हापूरकरांना हे नवीन नसावं खरं तर. आपल्याकडं 'राजाराम' म्हटलं की कोणते? शिवछत्रपतींचे धाकटे चिरंजीव, १७०० साली गेले ते? १८७० साली परदेश दौऱ्यावरून परतताना इटलीत फ्लॉरेन्सला वारले ते? की राजर्षी शाहूंचे चिरंजीव, १९२२ ते १९४० गादीवर होते ते? शाहू म्हणावं तर साताऱ्याचे वेगळे आणि आपले वेगळे. तरी आपण गोंधळत नाही, कारण नावाबरोबर गादी, साल आणि बाप विचारायची सवय आहे. पुण्यामुंबईचं किंवा परदेशातलं कुणी 'शाहू महाराजांनी १९०२ साली पन्नास टक्के जागा राखीव ठेवल्या' हे वाचून साताऱ्याच्या गादीचं चित्र लावतं तेव्हा आपल्याला हसू येतं. पेटंटच्या बाबतीत आपणच ते चित्र लावतो.

आता दुसरी बाजू, जी फ्लेक्सवर येत नाही. फ्लेक्स लागायच्या दोन वर्षं आधी एका फौंड्रीनं माझं बिल अडवलं होतं. परचेसवाल्या साहेबांनी कोर्टाच्या साइटवर माझं नाव टाकलं, तर कलम १३८ खाली चेक बाउन्सचे दोन खटले निघाले. "तुमच्यावर केशी आहेत म्हणे." आरोपी दुसऱ्या तालुक्यातला, बापाचं नाव वेगळं, पण स्क्रीनवर पहिलं नाव आणि आडनाव जुळलं की बाकीचं कोण वाचतंय? मी आधार दाखवलं, पॅन दाखवलं. साहेब म्हणाले प्रतिज्ञापत्र आणा. स्टॅम्पवाल्याकडं गेलो. त्याच्याकडं 'दोन नावं असली तरी व्यक्ती एकच' याचा नमुना तयार होता, रोज दहा खपतात. 'नाव एक पण व्यक्ती दोन' याचा नमुनाच नव्हता. तो मीच तोंडी सांगितला आणि त्यानं टाईप केला. बिल निघायला तीन आठवडे गेले.

त्यामुळं फ्लेक्स बघून मला आनंद झाला नाही, धसका बसला. ज्या यंत्रानं मला चेक बुडवणारा केलं त्यानंच शास्त्रज्ञ केलं होतं. अमेरिकेतल्या त्या दोघांपैकी कुणाच्या खात्यावर माझ्या गावच्या पैलवानाची मारामारीची केस जमा झाली असेल, देव जाणे.

निवडणुकीत तर हे मुद्दाम करतात. २०१४ साली रायगडला सुनील तटकरे २,११० मतांनी हरले आणि त्याच नावाच्या अपक्षाला ९,८४९ मतं पडली. नियम आहे हो. १९६१ च्या निवडणूक नियमांत स्पष्ट लिहिलंय की सारख्या नावाचे उमेदवार असले तर धंदा, राहतं ठिकाण किंवा आणखी कशानं तरी त्यांना वेगळं दाखवा. म्हणजे आमच्या पारावरची रीतच, 'माळावरचा', 'पैलवान', 'पॅनेलवाला'. पुढं २०१५ पासून मतदान यंत्रावर फोटोही आले.

माझं म्हणणं एवढंच आहे की आपल्या लोकांनी परदेशी रकान्यात नाव बसवायला बापाचं नाव आधी कापायचं हे बंद करावं. मराठी माणसाचं नाव तीन पायांवर उभं असतं. मधला पाय काढला की ते कुणाच्याही अंगावर पडतं. जमिनीच्या तुकड्याला आता स्वतंत्र भू-आधार क्रमांक मिळतोय. निबंध लिहिणाऱ्या संशोधकांसाठी २०१२ पासून सोळा आकडी ऑर्किड क्रमांक आहे, पण पेटंटच्या पहिल्या पानावर तो नसतो. तिथं आपलं नावच आपला सर्व्हे नंबर. तैवानच्या लोकांचं दुखणं तर आणखी वाईट. हीटसिंक आणि पंख्यांची पेटंट त्यांच्याकडं ढिगानं, आडनावं बघावीत तर चेन आणि लिन यांचाच भरणा, आणि चिनी अक्षरांत वेगळी असलेली नावं रोमन लिपीत आली की एकसारखी दिसतात. आपल्याला निदान मधलं नाव तरी दिलंय पूर्वजांनी.

आणि दुसऱ्याबद्दल शोधत असाल तर नाव शेवटी वाचा. आधी गाव वाचा, साल वाचा, सोबतची माणसं वाचा. मुलीचं स्थळ बघताना आपण हेच करतो की नाही?

फ्लेक्स मी दुसऱ्या दिवशी उतरवला. मंडळाची पोरं नाराज झाली, एकजण म्हणाला, "आता छापलाय न्हवं, ऱ्हाऊ दे की चार दिस." तो फ्लेक्स सध्या आमच्या शेडमध्ये डीएम पाण्याच्या कॅनवर झाकलाय, 'थोर' तेवढं दिसतं.

परवा भाचा आला. कॉलेजातल्या पोरांनी मिळून बॅटरी गार ठेवायची काहीतरी रचना केलीय, तिचा पेटंट अर्ज भरायचाय. सहाजण, त्यातले तिघे पाटील. लॅपटॉपवर संशोधकांची नावं भरून दाखवली, सगळी दोन-दोन शब्दांची. मी म्हटलं, "बापाचं नाव कुठाय?" त्यानं मान खाली घालून घातलं. मग म्हटलं, आता मे २०२४ पासून जन्मणाऱ्या पोरांच्या सरकारी कागदावर आईचंही नाव लावायचं ठरलंय, तू ते पण घाल, माझी बहीण आहे ती. म्हणाला, "मामा, रकान्यात बसत नाही."

बसव म्हटलं.